देवालयातील भिंतींची चुन्याची सफेदी : कोठे करावी, कोठे करू नये

जत्रा, नवरात्र अथवा दीपावली जवळ आली की देवालयाची रंगसफेदी करून घेण्याची रीत आपल्याकडे पूर्वापार चालत आलेली आहे. हुबळी-धारवाडच्या कानडी मुलखात या कामास ‘सुण्ण-बण्ण’ असे म्हणतात. सुण्ण म्हणजे चुना आणि बण्ण म्हणजे रंग. नावात चुना पहिला असला तरी गेल्या काही दशकांत तो मागे पडला. प्रथम डिस्टेंपर आला, मागून तेलरंग व प्लास्टिक रंग आले आणि पुढे भिंतींना चकचकीत फरशाही बसू लागल्या. देणगीदारांच्या सद्भावनेमुळे ही कामे झाली, यात संशय नाही. तथापि काही वर्षांतच त्या भिंतींना ओल धरते, पोपडे सुटतात, लोणा फुटतो आणि पुन्हा रंगाचा खर्च उभा राहतो, हा अनुभव बहुतेक विश्वस्त मंडळांच्या परिचयाचा आहे. त्यामुळे ‘पूर्वीचा चुनाच बरा होता’ असा विचार अलीकडे पुष्कळ ठिकाणी मांडला जातो.

हा विचार योग्य आहे, परंतु अर्धाच योग्य आहे. चुना हा चुन्याच्या गिलाव्यावर शोभतो व टिकतो. कोरीव पाषाणावर तो चढविणे म्हणजे तेलरंगाइतकेच नुकसान सोसणे होय. म्हणून कोणता रंग द्यावा हा प्रश्न विचारण्यापूर्वी भिंत कशाची आहे, हे विश्वस्तांनी प्रथम पाहावे. या लेखाचा विषय तोच आहे.

पाषाणाची देवालये

हुबळी व धारवाड यांच्या मध्ये वसलेले अमरगोळ आज पुष्कळांस तेथील कृषी उत्पन्न बाजारामुळे ठाऊक असते. परंतु गावाची खरी पुरातन ओळख म्हणजे तेथील बनशंकरी व शंकरलिंग ही उत्तर चालुक्यकालीन देवालये. जवळच उणकल येथे चार दिशांस द्वारे असलेले चंद्रमौळेश्वराचे देवालय आहे. थोडे पूर्वेस गेल्यास अण्णिगेरीचे अमृतेश्वर आणि पुढे लक्कुंडीचा देवालयसमूह लागतो.

बदामी, ऐहोळे व पट्टदकल येथील प्राचीन देवालये तांबूस वालुकाश्माची आहेत. पुढील काळात, कल्याणच्या चालुक्यांच्या राज्यात, शिल्पकार धारवाड परिसरातील हिरवट-काळसर शिस्ट जातीच्या दगडाकडे वळले. हा दगड मऊ असतो, बारीक छिन्नी सहन करतो आणि घासला असता आरशासारखा तकाकतो. चरकावर फिरवून घडविलेले, एकावर एक कंगोरे असलेले गोल स्तंभ या दगडामुळेच शक्य झाले. त्या कंगोऱ्यांच्या कडा व मधल्या खाचा कित्येक ठिकाणी नखाच्या जाडीएवढ्याच असतात. सफेदीचा एक हात कागदाइतका पातळ असतो हे खरे, पण वर्षाला एक याप्रमाणे शंभर वर्षे हात बसले तर काय होईल याचा हिशेब कोणासही करता येईल. खाचा बुजतात, देवतांची मुखे गुळगुळीत होतात, आयुधे ओळखू येईनाशी होतात आणि स्तंभावर वा तुळईवर एखादा शिलालेख असेल तर तो नाहीसा झाल्यासारखाच होतो. शिलालेख हा देवालयाचा सातबारा होय. दान कोणी दिले, दिवाबत्तीसाठी कोणती जमीन लावून दिली, हे पुष्कळदा त्या एकाच ठिकाणी लिहिलेले असते.

दगडावर चुना नीट धरतही नाही, हे आणखी एक कारण. तकाकी दिलेल्या पाषाणात छिद्रे फारच थोडी असतात. चुन्याचे पाणी आत शिरत नाही, थर वरच्यावर राहतो आणि ठिकठिकाणी सुटून भिंत कोड फुटल्यासारखी दिसू लागते. मग तो झाकण्यासाठी पुढील वर्षी आणखी एक थर! गाभाऱ्यात व अंतराळात समयांची काजळी तेलकट असते. त्या काजळीवर दिलेला चुना पिवळा-तपकिरी पडतो व हाताला लागतो.

यास्तव कोरीव पाषाणाच्या देवालयात, मग ते अमरगोळचे असो वा अन्य कोणत्या गावचे, गाभारा, अंतराळ, स्तंभ, द्वारशाखा व छत यांना चुना, काव, तेलरंग वा रंगहीन वार्निश यांपैकी काहीही लावू नये. वार्निशाचा मोह विशेष आवरावा. अजिंठ्याच्या चित्रांवर १९२० ते १९२२ या काळात निजाम सरकारने बोलाविलेल्या इटालियन तज्ज्ञांनी लाखेचे वार्निश दिले होते. हेतू रक्षणाचाच होता. परंतु ते वार्निश कालांतराने पिवळे पडले, आणि ते उतरविण्याचे किचकट काम पुढे पुरातत्त्व खात्याच्या रसायनतज्ज्ञांना करीत बसावे लागले.

देवालय केंद्र सरकारच्या १९५८ च्या प्राचीन स्मारक अधिनियमाखाली अथवा कर्नाटकाच्या १९६१ च्या अधिनियमाखाली संरक्षित असेल, तर रंगसफेदीचा निर्णय विश्वस्तांच्या अथवा ग्रामस्थांच्या अधिकारात राहत नाही. संबंधित खात्याच्या लेखी अनुमतीविना तेथे कुंचा लावू नये. पूजेअर्चेचा अधिकार आणि वास्तूत फेरफार करण्याचा अधिकार या दोन गोष्टी निरनिराळ्या आहेत, हे भाविकांनीही समजून घ्यावे.

गिलाव्याच्या भिंती

आता दुसरा प्रकार. मूळ देवालय पाषाणाचे असले तरी त्याभोवती मागील दोन-तीन शतकांत उभे राहिलेले सभामंडप, ओवऱ्या, पाकशाळा, नगारखाने, धर्मशाळा व पुजाऱ्यांची घरे ही बहुधा विटांची, ओबडधोबड दगडांची अथवा मातीची असतात आणि त्यांना आतून चुन्याचा किंवा मातीचा गिलावा असतो. पेशवाईतील व त्यानंतरची पुष्कळशी देवालये तर गाभाऱ्यापासून शिखरापर्यंत चुनेगच्चीच आहेत. या भिंती पहिल्या दिवसापासून सफेदीसाठीच घडविलेल्या आहेत. यांना चुना न देणे हाच अन्याय होय.

गोव्यातील एक उदाहरण या दृष्टीने फार बोलके आहे. जुने गोवे येथील बॉम जेझू ही इमारत जांभ्या दगडाची असून १६०५ साली तिचे अर्पण झाले. जांभा हा सच्छिद्र व पावसाने झिजणारा दगड. त्यावर चुन्याचा गिलावा व सफेदी हे त्याचे कवचच होते. १९५० च्या दशकात पोर्तुगीज वास्तुविशारद बाल्ताझार कास्त्रो यांच्या देखरेखीखाली हा बाहेरील गिलावा काढून दगड उघडा करण्यात आला, कारण उघडा दगड अधिक पुरातन दिसतो असे तेव्हा वाटले. तेव्हापासून पाऊस तो जांभा खात आहे, आणि गिलावा पुन्हा चढवावा अशी मागणी २०२० साली तेथील प्रमुख धर्मगुरूंनीच केली. समोरचे सी कॅथेड्रल मात्र आजही चुन्याने पांढरे ठेवलेले आहे. धारवाडचा शिस्ट झाकल्याने बिघडतो, गोव्याचा जांभा उघडा केल्याने बिघडतो. जीर्णोद्धाराच्या उत्साहात ‘सगळा गिलावा काढून मूळ दगड दाखवू या’ असा ठराव करणाऱ्या कोकणातील व गोव्यातील मंडळांनी हे ध्यानात घ्यावे.

चुना कसे काम करतो

चुनखडी भट्टीत सुमारे ९०० अंश सेल्सिअसपर्यंत तापविली की तिच्यातील कार्बन डायऑक्साइड वायू निघून जातो व कळीचा चुना उरतो. शंभर किलो शुद्ध चुनखडीपासून सुमारे ५६ किलो कळी मिळते. कळी पाण्यात टाकली की ती फुलते, फुटते, पाणी खदखदू लागते. यालाच चुना विरविणे म्हणतात. विरलेला चुना भिंतीवर लागला की तो हवेतील तोच वायू हळूहळू परत घेतो आणि पुन्हा चुनखडी बनतो. म्हणजे सफेदीचा थर हा भिंतीला चिकटविलेला रंग नव्हे. तो भिंतीवर नव्याने तयार झालेला दगडाचा पातळ पापुद्रा आहे आणि खालच्या गिलाव्याशी तो एकजीव होतो. ताजी सफेदी ओली असताना पारदर्शक व फिकी दिसते आणि वाळल्यावर पांढरी होते, हे आपण सर्वांनी पाहिले आहे. कारागीर नवा असेल तर तो ओल्या भिंतीकडे पाहून घाबरतो व चुना दाट करतो. तेथेच पोपड्यांचे बीज पडते.

या थरात अतिसूक्ष्म छिद्रे असतात. भिंतीत खालून चढलेली ओल त्यांतून वाफ होऊन बाहेर जाते. भिंत श्वास घेते, असे जुने गवंडी म्हणत ते याच अर्थाने. चुना तीव्र क्षारधर्मी असल्याने ताज्या सफेदीवर बुरशी धरत नाही. हवेशी संयोग पूर्ण होत गेला की हा गुण ओसरतो, म्हणून वर्षा-दोन वर्षांनी हात देण्याची पद्धत पडली. हुबळी-नवलगुंदकडील काळ्या जमिनीत पावसाळ्यात माती फुगते व उन्हाळ्यात आकसते, त्यामुळे भिंतींना केसासारख्या भेगा पडतात. चुन्याचा गिलावा थोडा लवचिक असतो, आणि त्यातील मोकळा चुना पाण्याबरोबर वाहत जाऊन अशा बारीक भेगा पुष्कळदा आपल्या आपण बुजवितो. सिमेंटला हे साधत नाही.

तेलरंग व प्लास्टिक रंग भिंतीवर एक पडदा तयार करतात. ओल आत कोंडली जाते. तिच्यासोबत आलेले क्षार पडद्यामागे साठतात, त्यांचे स्फटिक वाढतात आणि ते रंगालाच नव्हे, तर त्यामागील गिलाव्यालाही ढकलून पाडतात. देवालयात जमिनीस व भिंतीच्या खालच्या भागास ग्रॅनाइट वा चिनी मातीच्या फरशा बसविल्या की जमिनीची वाफ कोठूनच निघू शकत नाही आणि ती भिंतीतून वर चढते. फरशीच्या वर हातभर उंचीवर ओलीची रेघ उमटलेली दिसते ती यामुळे.

पंढरपूर येथे श्रीविठ्ठल-रुक्मिणी मंदिरात २०२४ साली जे जतनाचे काम हाती घेण्यात आले, त्यात मागाहून बसविलेल्या फरशा व आवरणे काढून मूळ दगडी स्वरूप मोकळे करणे हा एक मुख्य भाग होता. त्या कामासाठी मार्चपासून बंद ठेवलेले पदस्पर्श दर्शन २ जून २०२४ रोजी पुन्हा सुरू झाले. काम चालू असतानाच मेअखेरीस एक तळघर उजेडात आले व त्यात जुन्या मूर्ती मिळाल्या. कोट्यवधी रुपये खर्चून आज जे काढावे लागते ते एके काळी कोणीतरी श्रद्धेने, वर्गणी गोळा करून बसविलेले असते. विश्वस्तांनी नवी फरशी वा नवा रंग मंजूर करण्यापूर्वी ‘हे पुढे काढता येईल काय?’ एवढा एकच प्रश्न सभेपुढे ठेवला तरी पुष्कळ नुकसान टळेल.

खरवडण्यापूर्वी

जुना रंग काढण्याची घाई हे दुसरे संकट. तंजावरच्या बृहदीश्वर देवालयात गाभाऱ्याभोवतीच्या मार्गात नायककालीन चित्रे होती. त्यांच्याखाली चोळकालीन चित्रांचा थर आहे हे १९३१ साली एस. के. गोविंदस्वामी यांच्या लक्षात आले. पुढे पुरातत्त्व खात्याने वरचा थर जपून सोडविला व खालचाही वाचविला. एखाद्या गवंड्याने पटाशी हाती घेतली असती तर दोन्ही गेले असते. याच देवालयाच्या प्राकारभिंतीवर सरफोजी राजांनी भोसले घराण्याचा इतिहास १८०३ साली मराठीत कोरविला आहे. दूर तमिळ देशात मराठीचा एवढा मोठा शिलालेख आजवर वाचता येतो, तो भिंत उघडी राहिली म्हणून.

कोकण, गोवा आणि उत्तर कन्नडच्या किनाऱ्यावर याहून जवळचे उदाहरण सापडते. तेथील देवालयांत व जुन्या घरांत कावी चित्रे असत. चुन्याच्या ओल्या गिलाव्यावर तांबड्या कावेचा थर देत, तो घोटीत, आणि लोखंडी सळईने कोरून खालचा पांढरा चुना उघडा करीत. दशावतार, वेलबुट्टी, मोर, कमळे अशी ही कामे नूतनीकरणात खरवडली गेली अथवा रंगाखाली गेली, आणि आता मोजक्याच ठिकाणी पाहावयास मिळतात. म्हणून शंभर वर्षांपूर्वीच्या कोणत्याही गिलाव्यावरील रंग काढावयाचा असेल तेव्हा प्रथम एका कोपऱ्यात वीतभर चौकोन आखून एकेक थर सावकाश सोडवून पाहावा. खाली तांबडी, काळी वा निळी रेषा दिसली की काम तेथेच थांबवावे व जाणकारास बोलवावे.

पाषाणावरील जुना चुना वा तेलरंग काढण्यासाठी तारेचा ब्रश, वाळूचा फवारा अथवा तेजाब वापरू नये. मऊ शिस्टवर तारेचा एक फटकारा शिल्पकाराची नऊशे वर्षांपूर्वीची रेघ पुसून टाकतो, आणि तेजाबाने निर्माण झालेले क्षार दगडात राहून पुढे वर्षानुवर्षे त्रास देतात. हे काम तज्ज्ञांचे आहे, श्रमदानाचे नव्हे. श्रमदानास दुसरी कामे पुष्कळ आहेत. पागोळ्यांचे पाणी भिंतीपासून दूर नेणे, देवालयाभोवती चढलेली माती मूळ पातळीपर्यंत उतरविणे, गच्चीवर उगवलेला पिंपळ काढणे. ही कामे आधी झाली नाहीत तर उत्तम चुनाही भिंत कोरडी ठेवू शकत नाही.

प्रत्यक्ष काम

भिंतीवर पाण्याचा थेंब टाकून पाहावा. तो लगेच शोषला गेला तर गिलावा वा जुनी सफेदी मोकळी आहे. तो मोत्यासारखा घरंगळला तर वर तेलरंगाचा वा प्लास्टिक रंगाचा पडदा आहे. अशा पडद्यावर चुना धरत नाही, आधी तो पडदा काढावा लागतो. सिमेंटच्या नव्या भिंतीवर चुना लागतो, परंतु चुन्याच्या गिलाव्यावर जसा एकजीव होतो तसा होत नाही. उलट जुन्या चुन्याच्या भिंतीला मात्र सिमेंटचे ठिगळ कधीही लावू नये. पडलेला गिलावा चुन्यानेच भरावा आणि तो पुरता वाळू द्यावा.

सफेदीसाठी शुद्ध, पांढरा, विरताना जोमाने फुलणारा चुना घ्यावा. भारतीय मानक ७१२ मध्ये हा ‘सी’ वर्गात येतो. केंद्रीय सार्वजनिक बांधकाम खात्याच्या विनिर्देशात एक किलो कळीस सुमारे पाच लिटर पाणी, चोवीस तास मुरविणे आणि मग जाड्याभरड्या कापडातून गाळणे, असे प्रमाण दिलेले आहे. गाळलेल्या दर दहा लिटर चुन्यात ४० ग्रॅम डिंक गरम पाण्यात विरघळवून घालावा. नीळ चुन्याच्या दर किलोस ३ ग्रॅमपेक्षा अधिक नको, एरवी भिंत पांढरी न दिसता निळसर दिसते. याच विनिर्देशात मीठ घालण्याचीही सोय आहे. परंतु देवालयात ते वापरू नये असे आमचे स्पष्ट मत आहे. मीठ हवेतील ओल ओढते आणि धारवाडकडील पावसाळ्यात भिंत घाम आल्यासारखी पाझरते.

बाजारात पिशवीत मिळणारी विरलेल्या चुन्याची पूड चालते, पण ती ताजी हवी. चिमूटभर पूड घेऊन तीवर लिंबाचा रस पिळावा. जोराने फेस आला तर तो चुना हवा लागून पुन्हा चुनखडी झालेला आहे, तो परत करावा. काही कारागीर टिकाऊपणासाठी पांढरा कृत्रिम गोंद मिसळतात. तो अधिक झाल्यास चुन्याची छिद्रे बुजतात आणि तेलरंगाचाच दोष मागच्या दाराने आत येतो. भाविकांच्या अंगास व वस्त्रास चुना लागतो ही तक्रार खरी आहे. परंतु त्यावर गोंद हा उपाय नव्हे. हात पातळ देणे, डिंकाचे प्रमाण नेमके राखणे आणि रांग जेथे भिंतीला लागून जाते तेथे लाकडी कठडा ठेवणे, एवढ्याने ती पुष्कळ कमी होते. रंग हवाच असेल तर पिवळी माती व काव ही खनिजे चुन्यास सोसतात. पुष्कळ कृत्रिम रंगद्रव्ये चुन्याच्या क्षाराने उडून जातात.

कामापूर्वी भिंत झाडून, सुटे पोपडे काढून, पाणी शिंपडून ओलसर करावी. कोरड्या भिंतीने चुन्यातील पाणी पिऊन टाकले की भुकटी मागे राहते. चुना दुधासारखा पातळ असावा. कुंचा मोळाचा उत्तम. एका हातात प्रथम वरून खाली, मग खालून वर, आणि तो ओला असतानाच आडवे दोन फटकारे, असे चारही बाजूंनी काम व्हावे. नव्या गिलाव्यास तीन हात, जुन्या सफेदीवर एक किंवा दोन. पहिला हात वाळल्यावाचून दुसरा देऊ नये. पिंपात चुना तळाशी बसतो, तो वरचेवर ढवळावा.

काळ कोणता? भर पावसात चुना वाळत नाही, आणि चैत्र-वैशाखाच्या उन्हात तो इतका झटपट वाळतो की हवेशी संयोग होण्यापूर्वीच त्याची भुकटी होते. आपल्या भागात पाऊस ओसरल्यावर, कार्तिक व मार्गशीर्ष हे महिने सर्वांत सोयीचे. बनशंकरी हे शाकंभरीचेच रूप असल्याने देवीच्या स्थानांत पौष शुद्ध अष्टमीपासून पौर्णिमेपर्यंतच्या नवरात्राची तयारी असते. त्यापूर्वी किमान पंधरा दिवस काम संपवावे. उत्सवाच्या आदल्या रात्री घाईने मारलेला हात गर्दीच्या खांद्यांवर निघून जातो.

पाषाणाची चौकट, स्तंभ, उंबरठा व मूर्ती ही काम सुरू होण्यापूर्वी कापडाने व प्लास्टिकच्या कागदाने झाकावीत. दगडावर शिंतोडा उडालाच तर तो ओला असताना पाण्याने पुसावा. वाळल्यावर तोही दगडच होतो. पितळी समया, चांदीची प्रभावळ व जुनी लाकडी तुळई यांसही चुन्याचा संपर्क होऊ देऊ नये.

कारागिरांच्या सुरक्षिततेकडे आपल्याकडे फार दुर्लक्ष होते, म्हणून येथे थोडे विस्ताराने लिहितो. कळी विरविताना नेहमी पाण्यात चुना टाकावा, चुन्याच्या ढिगावर पाणी ओतू नये. चुना उसळून अंगावर येतो व भाजतो. भांडे लोखंडी पिंप अथवा बांधीव टाके असावे. प्लास्टिकची बादली त्या उष्णतेने वितळते. छताचे काम करणाऱ्याच्या डोळ्यांवर चष्मा असलाच पाहिजे. चुना डोळ्यांत गेल्यास दृष्टी जाऊ शकते. तसे झाल्यास निदान वीस मिनिटे स्वच्छ पाण्याची धार डोळ्यावर धरावी आणि विलंब न लावता रुग्णालयात न्यावे. डोळा चोळू नये, दूध, तूप वा अन्य काही घालू नये. हातांस मोजे व अंगास तेल या दोन्हींची व्यवस्था काम देणाऱ्या मंडळाने करावी. विरविण्याच्या जागी मुलांना फिरकू देऊ नये. उत्सवाच्या गडबडीत लहान मुले याच टाक्याभोवती खेळत असतात.

काम झाल्यावर कोणत्या भिंतीस, कोणत्या दिवशी, किती हात दिले आणि चुना कोठून आणला याची नोंद मंडळाच्या दप्तरात करून ठेवावी. पुढील विश्वस्तांस तिचा उपयोग होतो. उरलेला विरलेला चुना फेकून देऊ नये. माठात वा टाक्यात घालून त्यावर चार बोटे पाणी राहील असे पाहावे व झाकण ठेवावे. पाण्याखाली त्याला हवा लागत नाही, तो वर्षभर लोण्यासारखा मऊ राहतो आणि जितका मुरतो तितका पुढील सफेदीस अधिक चांगला लागतो.